फिनीनं नाव घेतलं

सोमवारी सकाळी टेलरबाई वारल्या. दुपारी दुसरबीडहून त्यांचा नवरा आला.

त्यांना नवरा आहे हे साखरखेर्ड्यात सगळ्यांना माहीत होतं आणि कुणाच्याच ध्यानात नव्हतं. दुसरबीडला त्याचं दुसरं घर होतं, दुसरी बायको होती, लग्नाला आलेली मुलं होती. बाईंना त्याने लग्नानंतर थोड्याच काळात माहेरी आणून सोडलं, ते सोडलंच. कागदोपत्री काही झालं नाही. तुमच्याही ओळखीत अशी एखादी बाई असेल. नवरा नाही म्हणावं तर आहे, आहे म्हणावं तर दिसत नाही, आणि गळ्यात काळी पोत मात्र रोजची.

मी तिथल्या वाचनालयात ग्रंथपाल आहे. चिखलीहून एसटीने येते-जाते. वाचनालयाच्या दारासमोर, रस्त्यापलीकडे बाईंचं दुकान. पाटीच्या खालच्या अर्ध्या भागात 'लेडीज टेलर' लिहिलेलं, वरचा अर्धा भाग कोरा. रंगवणाऱ्याने तिथे टाकायला नाव विचारलं, तेव्हा बाई म्हणाल्या होत्या, "राहू दे तसंच. कपडे शिवाचे हायेत, मतं नाई मांगाचे."

तोंडात टाचण्या धरून बोलायची त्यांना सवय होती. ओठांच्या एका कोपऱ्यात टाचण्या, दुसऱ्या कोपऱ्यातून बोलणं. त्यामुळे त्यांचं बोलणं तिरकं यायचं आणि बऱ्याचदा ते असायचंही तिरकं. काही मनातलं बोलायचं असलं की टाचण्या काढून पदराला टोचायच्या. गिऱ्हाइकं हे ओळखून होती. बाईंचा हात तोंडाकडे गेला की बायका आपोआप गप्प व्हायच्या. दुकानाच्या कोपऱ्यात त्यांची म्हातारी आई बसलेली असे. डोळ्यांनी तिला फार दिसत नव्हतं, पण बोटांनी चाचपून ती ब्लाउजला हुका लावायची. ती कधीच काही बोलायची नाही.

लग्नसराईत दुकानात पाय ठेवायला जागा नसे. नवरीच्या ब्लाउजांचे ढीग पडत. मापं द्यायला आलेल्या मुली हळदीआधीच फोटो काढून घ्यायला कुठल्याशा धरणावर जाणार असत, त्यांना त्या फोटोंसाठी वेगळं ब्लाउज पाहिजे असे, आणि त्यांच्या आया त्याच वेळी हुंड्याला दुसरा शब्द शोधत असत. बाईंना या सगळ्याची शिसारी होती. ती त्या लपवत नसत, पण माप चुकवतही नसत.

नवरीच्या ब्लाउजात त्या माया जास्त सोडत. माया म्हणजे शिवणीच्या आत दुमडून ठेवलेलं जादा कापड. पुढे मुलगी अंगाने भरली तर उसवून सैल करता येतं. एखादी आई कुरकुरायची, "एवढी काऊन सोडता वो? जाड दिसते थे."

टाचण्यांमधून उत्तर यायचं, "तिकडं कोनी ठेवते का नाई कोनाले मालूम. आपुन आतून ठेवून देऊ."

वाचनालयाला एका देणगीदाराने मोठा टीव्ही दिला, तेव्हा माझ्या डोक्यात आलं की शनिवारी दुपारी बायकांना जगातले जुने सिनेमे दाखवावेत. पहिलाच लावला तो फ्रान्समधला, शंभरेक वर्षांपूर्वीचा, मुका आणि विनोदी. जेवण उरकून भांडी घासायला घेण्याआधी संपेल एवढाच. मधूनमधून फ्रेंचमधल्या संवादांच्या पाट्या यायच्या. त्या कुणालाच कळत नव्हत्या. मी शब्दकोश मांडीवर घेऊन बसले होते. पण एक शब्द सापडेपर्यंत पाटी गेलेली असायची आणि कुणीतरी जिन्यावरून पडलेलं असायचं.

गोष्ट तशी सोपी होती. एका टोकदार मिशीवाल्या पोराचं एका मुलीवर मन बसलेलं असतं. मुलीचा बाप जाडजूड, हातात काठी, त्याला हे पसंत नाही. मग पोरगा घड्याळ दुरुस्त करणारा बनून त्या घरात शिरतो आणि दिवाणखान्यातल्या कपाटाएवढ्या घड्याळात लपून बसतो. बाप समोर आला की आतून हाताने काटे फिरवतो आणि तोंड वासून टोले देतो. बाप त्या टोल्यांवर जेवतो, झोपतो, दचकून उठतो. शेवटी सगळं उघडकीला येतं, बापालाच हसू फुटतं आणि चर्चमध्ये लग्न लागतं.

बायका जांभया देत होत्या. बाई कुणाची तरी फॉल लावलेली साडी द्यायला आल्या आणि दारातच थबकल्या. पडद्यावर बाप त्या पोराला हाकलत होता. टाचण्यांमधून बापाचा आवाज आला, "निंग बे! पुन्याले फ्लॅट नाई अन् चालला पोरगी मांगाले!"

मिशीवाला हात जोडून काहीतरी विनवत होता. बाईंनी आवाज पातळ केला. "घेतो ना मामाजी, लोनवर घेतो. प्याकेज चांगलं हाय माहं."

हॉलमध्ये असा हशा पिकला की रस्त्यावरचे लोक खिडकीत आले. मी बत्तीस वर्षांची असल्यापासून लोकांना 'शांतता राखा' असं सांगत आले आहे. त्या दिवशी सांगितलं नाही.

पुढे दर शनिवारी बायका तोच सिनेमा मागू लागल्या. मी इतर देशांचे आणून पाहिले. पण "थो घड्याळवालाच लावा ना मॅडम" म्हणून गलका व्हायचा. बाई रस्ता ओलांडून यायच्या, स्टुलावर बसायच्या आणि सगळ्यांचे आवाज काढायच्या. बापाचा, पोराचा, मोलकरणीचा, घड्याळाचासुद्धा.

त्या सिनेमात सगळ्यांच्या वाट्याला पाट्या होत्या. मुलीच्या वाट्याला एकही नव्हती. हे मी शब्दकोशात डोकं घालून पाहत असताना माझ्या लक्षात आलं नाही, बाईंच्या आलं. फक्त शेवटी, चर्चमध्ये, पाद्री काहीतरी विचारतो तेव्हा तिचे ओठ हलतात. काय म्हणते ते कळत नाही, कारण पाटी येतच नाही. लगेच दोघं दारात दिसतात, पडदा पडतो आणि इंग्रजीत असतात तशी मोठी अक्षरं येतात: एफ, आय, एन.

बाईंनी ती पहिल्याच दिवशी जुळवून मोठ्याने वाचली होती. "फिन." मग म्हणाल्या, "बिचारीचं नाव अखरीले तरी सांगतलं बाप्पा."

तेव्हापासून ती मुलगी फिनी झाली. चर्चचा प्रसंग जवळ आला की बायका टाळ्या पिटत ओरडायच्या, "नाव घे फिनी, नाव घे!" बाई टाचण्या काढून पदराला टोचायच्या, मान खाली घालायच्या आणि तिचे ओठ हलतील त्या नेमक्या क्षणी उखाणा घ्यायच्या. दर शनिवारी नवा. पहिला मला अजून पाठ आहे:

"काचेच्या कपाटात ठेवली कपबशी,
घड्याळातल्या मान्सासंगं संसार करू कशी?"

म्हाताऱ्या बायका डोळे पुसेपर्यंत हसायच्या. बाई मात्र हसायच्या नाहीत. पुढच्या वेळचं काय ते ठरवत असल्यासारख्या पडद्याकडे पाहत राहायच्या.

एका शनिवारी त्यांनी घेतला तो असा:

"चिखलीच्या बाजारात सोयाबीनले भाव नाई,
सारे म्हन्ते नाव घे, पन मले माहं नाव नाई."

बायका याही वेळी हसल्या. कुणीतरी म्हणालं, "सोयाबीनचं बराबर बोलली वो बाई." मला ते दिवसभर खुपत राहिलं. फिन हे त्या मुलीचं नाव नाही, हे मला शब्दकोशातून केव्हाच कळलं होतं, आणि बाईंना ते सांगावं की नाही हे ठरत नव्हतं. सोमवारी दुपारी दुकानात गिऱ्हाईक नव्हतं, तेव्हा गेले.

"बाई, ते फिन आहे ना, ते तिचं नाव नाही. त्यांच्या भाषेत फिन म्हणजे समाप्त."

मशीन थांबलं. टाचण्या पदराला गेल्या.

"म्हंजे लगन लागलं का पोरीच्या तोंडावर समाप्त लिवते थे लोक?"

"सिनेमा संपला म्हणून लिहितात."

"तेच तं म्हनून राह्यली मी."

मला हसू आलं. त्यांनाही आलं, पण लगेच गेलं. मग त्यांनी मला तांदळाचं सांगितलं. लग्नात सासरी ताटात तांदूळ पसरले. नवऱ्याने अंगठीने त्यात बाईंचं नवं नाव लिहिलं. त्याचं अक्षर मुळात वाईट, त्यात तांदूळ घसरत होते. ते नाव फक्त ब्राह्मणाला वाचता आलं, आणि त्याने वाचलं म्हणून इतरांना कळलं.

"मले वाटलं, ताट हालवलं तं पुसून जाईन. मी हालवलं बी गुपचूप. तांदूळ मोडले, नाव राह्यलं. अन् दुसऱ्या दिवशी तेच तांदूळ मले निवडाले देल्ले. त्या नावानं कोनी हाक मारली का मी मांगं वळून पाह्यची, कोनाले बलावते म्हनून."

कोपऱ्यात म्हातारी हुका लावत होती. तिने मान वर केली नाही.

"मॅडम, एक सांगून ठेवते. मी मेली तं त्या नावानं नेऊ देऊ नका मले. अन् हिरवं नेसवू देऊ नका. नवरा जित्ता हाय म्हनून या बाया माह्या पायावर पडतीन, अहेव गेली म्हन्तीन. मले किळस येते."

"असं काय बोलता बाई?"

"सांगून ठेवलेलं बरं. माया सोडते का नाई आपुन, तसं." मग माझ्याकडे पाहून म्हणाल्या, "तुमचं बरं हाय. लगन नाई केलं, नाव जसंच्या तसं हाय."

मग त्यांनी मला आपलं माहेरचं नाव सांगितलं. आईने ठेवलेलं. इतक्या वर्षांत ते मी एकदाही ऐकलं नव्हतं. माहेरची माणसं साखरखेर्ड्याला नंतर राहायला आली, म्हणून गावालाही ते माहीत नव्हतं. दुकानात त्या टेलरबाई होत्या, घरी भाचरांच्या आत्या.

त्या गेल्या त्या सोमवारी मी एसटीतून उतरले, तर दुकानाला कुलूप होतं आणि त्यांच्या भावाच्या घरापुढे माणसं होती. सकाळी छातीत कळ आली आणि चिखलीला न्यायला जीप येईपर्यंत सगळं संपलं. भावाने सगळ्यांत आधी दुसरबीडला फोन केला होता. बहीण अहेव गेली याचा त्याला एवढा आधार वाटत होता की तो येणाऱ्या प्रत्येकाला दाराशीच ते सांगत होता.

आत बायकांनी बाईंना बसवलं होतं. हिरवी साडी, हिरव्या बांगड्या, ओटीत खण-नारळ. मी म्हटलं, "त्यांना हिरवं नको होतं. मला सांगितलं होतं त्यांनी."

भावजयीने माझ्याकडे न पाहताच म्हटलं, "मॅडम, तुमचं लगन नाई झालं, तुमाले यातलं काय समजन? असं मरन नशिबानं भेटते."

मी पुन्हा म्हटलं. माझा आवाज मुळात लहान आहे. कुणीतरी मला कडेला केलं.

हिरवं ब्लाउज रेडिमेड आणलं होतं. घाईत माप कोण पाहणार? ते दंडातून वर सरकेना. तेव्हा एकीने दुकानातून बाईंचीच कात्री मागवली आणि ब्लाउज पाठीवर उभं कापलं. सगळ्या गावाची ब्लाउजं शिवलेल्या बाईला पाठीवर उघडं ब्लाउज घालून पुढून पदराने झाकलं. मी ते कापड हातात घेऊन पाहिलं होतं. शिवणीत माया नव्हती.

मग पायावर पडणं सुरू झालं. पायांवर हळद-कुंकू, त्यावर पाणी, पुन्हा हळद-कुंकू, त्याचा चिखल. बायका तो बोटाने घेऊन आपल्या कपाळाला लावत होत्या. एकीने डबी आणली होती आणि ती त्यात कुंकू भरून घेत होती. यातल्या कितीजणींनी बाईंना हळदी-कुंकवाला बोलवायचं टाळलं होतं ते मला माहीत होतं, कारण ते बाईंनीच टाचण्यांमधून सांगितलेलं होतं. कपाळावरचं कुंकू ओघळून त्यांच्या कानात गेलं. ते पुसावं असं कुणाला वाटलं नाही. मी रुमालाने पुसलं, तर भावजयीने नवीन भरलं.

नवरा जीपमधून आला. केस काळे केलेले, पांढरा कडक शर्ट. त्याने सगळ्यांदेखत भांगात कुंकू भरलं आणि एक पोरगा मोबाइलवर त्याचं शूटिंग करत होता तिकडे डोळे पुसत पाहिलं. म्हणाला, "कधी एका शब्दानं तक्रार नाई केली तिनं." अंगणात ब्राह्मणाने मृत व्यक्तीचं नाव विचारलं. नवरा थांबला. आभाळाकडे पाहिलं, मग सोबत आलेल्या माणसाला हळूच म्हणाला, "काय होतं बे थे?"

त्यालाही माहीत नव्हतं. शेवटी भावाने सांगितलं. स्वतः तांदळात लिहिलेलं नाव नवरा विसरला होता, आणि त्याच नावाने बाईंना नेलं.

तेरवीला भावाने वाचनालयाचा हॉल मागितला. घर लहान, श्रद्धांजलीला माणसं मावणार नाहीत. मी दिला. हॉलच्या दाराशी फ्लेक्स लागला. बाईंचा लग्नातला फोटो, शेजारी नवऱ्याचा आताचा, त्यांच्या फोटोहून मोठा. आधी 'कै. सौ.', मग ते नाव. ते मी इथे लिहिणार नाही. गावातल्या एका पुढाऱ्याने भाषण केलं, त्यात भारतीय नारी आली. नवऱ्याने माइक हातात घेऊन 'माझी अर्धांगिनी' म्हटलं आणि बुंदीच्या पंगतीसाठी सगळ्यांनी थांबावं अशी विनंती केली. बुंदीचा तुपकट वास पुस्तकांच्या कपाटांपर्यंत आला होता. तो पुढचे काही दिवस गेला नाही.

पुरुष पंगतीला उठले. बायकांची पंगत नंतर होती, म्हणून त्या बसून राहिल्या. नवराही पुढच्या खुर्चीवर बसून राहिला. त्याला ताट तिथेच येणार होतं. तेवढ्यात शनिवारच्या बायकांपैकी एक म्हणाली, "मॅडम, घड्याळवाला सिनेमा लावा ना. बाईले आवडत होता."

भावजय म्हणाली, "आज कोनी सिनेमा पाह्यते का वो?" पण नवऱ्याने हात हलवला. "लावा लावा. तिले आवडत होता म्हन्ते तं लावा."

मी लावला. कुणी आवाज काढले नाहीत. बापाने पोराला हाकललं, पोरगा घड्याळात शिरला, तोंड वासून टोले दिले, सगळं मुकं. फक्त नवरा हसत होता. घड्याळातलं तोंड पाहून त्याने मांडीवर थाप मारली. "वा बे! डोकं लावलं गड्यानं!"

चर्च आलं. मागून कुणीतरी सवयीने, हळूच म्हणालं, "नाव घे फिनी." स्टूल रिकामं होतं. पडद्यावर पाद्री वाकला आणि त्या मुलीचे ओठ हलले.

मी म्हटलं, "द्वारका."

माझा आवाज लहान आहे. पण हॉलमध्ये तेव्हा दुसरा आवाजच नव्हता. बायका वळून पाहू लागल्या. एक म्हातारी म्हणाली, "कोनाचं नाव हाय वो हे?"

"टेलरबाईंचं."

नवरा खुर्चीतून अर्धा वळला. समजुतीने हसला. "चुकून राह्यल्या मॅडम तुमी. तिचं नाव हे नोतं. फ्लेक्सवर पाहा ना, बराबर लिवेल हाय."

"तेच हाय."

हे भिंतीशी बसलेली म्हातारी बोलली. बाईंची आई. मुलीला हिरवं नेसवताना ती बोलली नव्हती, बायका "भाग्यवान लेक" म्हणत पाया पडत होत्या तेव्हाही नाही. आता भिंत धरून ती उभी राहायला पाहत होती. "म्या ठेवलं होतं. द्वारका. द्वारकी म्हनत होती मी तिले."

"मामी, तुमी बसा," नवरा म्हणाला. "तरास नका करून घेऊ."

"मी बसेलच हाव," म्हातारी म्हणाली. "तू ऊठ."

जावयाला कुणी 'तू' म्हणत नाही. हॉलमधल्या एकाही बाईने तो शब्द पूर्वी जावयासाठी ऐकला नसावा. भावजय "आत्याबाई, काय बोलता" म्हणत पुढे आली आणि मध्येच थांबली. सगळ्या बायका नवऱ्याकडे पाहत होत्या. त्याचं ताट आलं होतं. ते मांडीवरून कुठे ठेवावं हे त्याला कळेना. शेवटी त्याने ते खुर्चीवर ठेवलं, फोन आल्यासारखा कानाला लावला आणि बाहेर गेला. पडद्यावर तेव्हा शेवटची पाटी आली होती.

तो पुन्हा साखरखेर्ड्याला आला नाही.

फ्लेक्स बाईंच्या भावाने शेळ्यांच्या गोठ्यावर टाकला आहे, छापील बाजू आतून. दुकान बंद आहे, पाटीचा वरचा अर्धा भाग कोराच आहे. शनिवारी सिनेमा लागतो. बायका येतात, आवाज कुणी काढत नाही. म्हातारीला पडदा दिसत नाही, म्हणून चर्चमधली ती जागा आली की मी तिच्या हाताला हात लावते. मग ती मुलीचं नाव घेते.